खदानीच्या सुरुंगाने विहीर ढासळते का? जमीन हलते म्हणजे नेमकं काय होतं

प्रश्न थोडक्यात असा आहे. घरापासून आणि विहिरीपासून साधारण ३५० मीटरवर क्रशरची खदान सुरू झालीय, एक दिवसाआड दुपारी ब्लास्ट होतो, खिडक्यांची तावदानं थडथडतात. विहीर जुनी आहे, ५० फूट खोल, वरचं १५ फूट दगडी बांधकाम आणि खाली उघडा कातळ. शेजारी बोअर आहे, आणि बांधाखालून गावच्या नळयोजनेची पाइपलाइन गेलीय. विहीर ढासळेल का, झरे बंद होतील का, पाइप फुटेल का, खड्ड्यात पाणी असलं की हादरा वाढतो का? खदानवाला म्हणतो काहीच होत नाही, गावातले म्हणतायत वर्षभरात सगळं जाणार.

मी २६ वर्षं ब्लास्टिंगमध्येच आहे, आधी विदर्भात कोळशाच्या खाणी, मग सह्याद्रीतले बोगदे, आणि गेली काही वर्षं जास्त करून व्हायब्रेशन मोजायचंच काम. त्यामुळे दोन्ही बाजूंचं बोलणं हजार वेळा ऐकलंय. दोघांचंही पूर्ण खरं नाहीये. तुम्ही ज्याला घाबरताय तो धोका बहुतेक नाही, आणि जो धोका खरा आहे त्याच्याबद्दल गावात कोणी बोलत नाही, तो म्हणजे पाण्याची वाट. सविस्तर लिहितो, वेळ काढून वाचा.

आधी होलमध्ये काय होतं ते बघू. खदानीत साधारण ११५ मिमीचं होल असतं, त्यात इमल्शन, म्हणजे स्फोटक दारू, भरतात, तळाला ती उडवणारा बूस्टर, वर ठासणी. इमल्शन पेटतं तेव्हा स्फोटाची लाट कांडीतून सेकंदाला चार-साडेपाच हजार मीटर वेगाने धावते आणि त्या जागचा दाब हवेच्या दाबाच्या ६०-७० हजार पट होतो. एवढ्या दाबाखाली होलच्या लगतचा दगड अक्षरशः पीठ होतो. त्याच्या बाहेर चाकाच्या आऱ्यांसारख्या भेगा पडतात, पण त्या किती लांब जातात हे लोकांना माहीत नसतं म्हणून सांगतो, होलच्या त्रिज्येच्या वीस ते चाळीस पट. ११५ मिमीच्या होलला म्हणजे फार तर अडीच मीटर. कातळात आधीच चिरा असल्या तर गॅस त्यात घुसतो आणि मागचा दगड आणखी काही मीटर उचकटतो. तिथे संपलं. त्याच्या पुढे दगड तुटत नाही, फक्त हलतो आणि परत जागेवर येतो. ३५० मीटरवर तुमच्याकडे जे पोचतं ते हे हलणं आहे, भेग चालत आलेली नाहीये. "सुरुंगाची चीर विहिरीपर्यंत आली" असं जे म्हणतात ते या अंतरावर होऊच शकत नाही.

आता हे हलणं मोजायचं कसं. आम्ही जमीन किती सरकली ते मोजत नाही, ती कुठल्या वेगाने हलली ते मोजतो, आणि त्या वेगाचा सगळ्यात मोठा आकडा म्हणजे पीपीव्ही, मिलिमीटर दर सेकंदात. वेगच का, तर दगडाला किंवा भिंतीला बसणारा ताण या वेगावर ठरतो. हिशोब अगदी साधा आहे, जमिनीचा कण ज्या वेगाने हलला त्याला लाटेच्या वेगाने भागा, आलेला आकडा म्हणजे दगड किती ताणला गेला. समजा तुमच्याकडे १.५ मिमी आलं आणि तिथल्या कातळात लाट सेकंदाला ३००० मीटरने जाते, तर ताण आला दहा लाखात अर्धा भाग. काँक्रीट किंवा दगड ओढला जाऊन तडकायला दहा लाखात शंभरच्या आसपास लागतात. आणि तुमच्या घराची भिंत दुपारच्या उन्हातून पहाटेच्या गारव्यात जाताना १५ अंश थंड झाली तर दहा लाखात दीडशे भाग आकसू बघते, रोज, कोणी सुरुंग न लावता. भिंतीवरच्या बऱ्याच बारीक तड्यांचं मूळ तिथे असतं, पण त्यांच्याकडे आपलं लक्ष ब्लास्ट सुरू झाल्यावर जातं.

पीपीव्ही किती येणार याचा अंदाज बांधायला दोनच गोष्टी लागतात, अंतर आणि एका डिलेत, म्हणजे एका क्षणी, फुटणारी दारू. एका डिलेत म्हणतोय, पूर्ण ब्लास्टमध्ये नाही, ह्यावर सगळा खेळ आहे. खदानीत एका दिवसाला हजार किलो उडवली तरी ती एकदम फुटत नाही, होल एकामागून एक १७, २५, ४२ मिलिसेकंदाच्या फरकाने फुटतात, आणि ८ मिलिसेकंदापेक्षा जास्त फरक असला की दोन होल वेगळे धरायचे असा आमच्या धंद्यात जुना ठोकताळा आहे. अंतराला त्या दारूच्या वर्गमुळाने भागायचं आणि मग सूत्रात टाकायचं. सरासरी जमिनीसाठी जगभर वापरलं जाणारं सूत्र घेतलं तर ३५० मीटरवर एका डिलेला ३० किलो असेल तर साधारण १.५ मिमी येतात. चार होल एकत्र फुटले, म्हणजे १२० किलो, तर साडेचारच्या आसपास. दारू चौपट, हादरा तिप्पट. आणि अंतर निम्मं केलं तरी हादरा तिप्पटच होतो. हे दोन आकडे डोक्यात ठेवा, पुढे खदान तुमच्या बाजूला सरकायला लागली की उपयोगी पडतील. अर्थात सूत्र म्हणजे अंदाज, प्रत्येक जागेचा कातळ वेगळा, खरं तेच जे मशीनवर येतं.

आपल्याकडचा नियम काय म्हणतो ते सांगतो कारण खदानवाले तो अर्धाच सांगतात. खाण सुरक्षा महासंचालनालयाचं, म्हणजे डीजीएमएसचं, १९९७ चं परिपत्रक आहे. दुसऱ्याच्या मालकीच्या राहत्या घरांसाठी मर्यादा आहे, फ्रिक्वेन्सी, म्हणजे जमीन सेकंदाला किती वेळा मागेपुढे हलते ते, ८ हर्ट्झच्या खाली असेल तर ५ मिमी, ८ ते २५ मध्ये १०, आणि २५ च्या वर १५. ऐतिहासिक आणि नाजूक वास्तूंसाठी तेच आकडे २, ५ आणि १०. खदानवाला तुम्हाला "पंधरापर्यंत चालतं" एवढंच सांगेल. चालतं, पण कुठल्या फ्रिक्वेन्सीला ते विचारा. ५ मिमी वेग ५ हर्ट्झला असला तर जमीन ०.१६ मिमी सरकते, आणि तोच वेग ५० हर्ट्झला असला तर त्याच्या दहावा हिस्सा. शिवाय एक-दोन मजली घरं स्वतःच चार ते बारा हर्ट्झच्या आसपास डुलतात, त्यामुळे मंद हादरा आला की झोका नेमक्या वेळी ढकलल्यासारखं घर जमिनीपेक्षा जास्त हलतं, कधी कधी तीन-चार पट. काळ्या मातीचा जाड थर असलेल्या जागी फ्रिक्वेन्सी खाली येते, मुरूम-कातळावरच्या घरात वर राहते. एकाच ब्लास्टला वाडीतल्या एका घरात भांडी वाजतात आणि शेजारच्या टेकाडावरच्याला पत्ता नसतो, ते यामुळे.

आता जमिनीखालचं. घर जमिनीवर उभं आहे, त्याचा पाय हलतो आणि डोकं मोकळं असतं. विहिरीचा कातळातला भाग, बोगदा, पाइपलाइन यांना चारी बाजूंनी जमिनीने धरलेलं असतं, त्यांना डुलायला जागाच नाही. ३००० मीटर वेगाच्या कातळात २० हर्ट्झची लाट १५० मीटर लांबीची असते. तुमच्या विहिरीचा व्यास ५-६ मीटर. समुद्रात लांबलचक फुगवट्यावर पडाव अख्खा वर जातो आणि अख्खा खाली येतो, त्याच्या फळ्या एकमेकींपासून सुटत नाहीत, तसं विहीर लाटेबरोबर सगळीच्या सगळी हलते. लांबच्या अंतरावर सगळ्यात मोठा हादरा जी लाट देते ती पृष्ठभागालगत चालणारी लाट असते आणि ती खोलीबरोबर विरत जाते, त्यामुळे बोगद्यात उभं राहिलेल्या माणसाला बऱ्याचदा वरच्या माणसापेक्षा कमी जाणवतं. मी एकाच ब्लास्टला एक मशीन डोंगरावर आणि एक खाली बोगद्यात लावून बघितलंय, खालचा आकडा वरच्याच्या निम्म्याच्या आत होता.

मग बोगदा कधी बिघडतो? जवळच्या स्फोटाने, आणि तो कसा बिघडतो ते समजून घेण्यासारखं आहे. लाट कातळातून येताना दगडाला दाबत येते, दगड दाब भरपूर सोसतो. पण ती बोगद्याच्या मोकळ्या भिंतीपाशी पोचली की पुढे हवा आहे, तिला जायला जागा नाही, ती उलटी फिरते आणि उलटताना दाबाचं ओढीत रूपांतर होतं. दगडाची ओढ सोसायची ताकद दाबाच्या दहाव्या हिश्श्याच्या आसपास. म्हणून भिंतीचा पापुद्रा सुटतो, स्फोटाच्या बाजूचाच. शेजारी शेजारी दोन बोगदे काढताना एकीकडे फेस, म्हणजे बोगद्याचं पुढचं टोक, उडवला की दुसरीकडे शॉटक्रीटच्या, म्हणजे भिंतीवर फवारलेल्या काँक्रीटच्या, खपल्या पडतात त्या बरोब्बर मधल्या खांबाच्या बाजूला. आमच्या एका जोडबोगद्याच्या कामात शॉटक्रीट मारून चार तासही झाले नव्हते आणि शेजारच्या बोगद्यात ब्लास्ट घेतला, सकाळी अर्धी भिंत खाली आलेली. सुदैवाने आत कोणी नव्हतं. तेव्हापासून ताज्या काँक्रीटजवळ माझ्या परवानगीशिवाय ब्लास्ट होत नाही, कारण सेट होत असलेलं काँक्रीट हे सगळ्यात नाजूक, पूर्ण पिकलेलं काँक्रीट किती तरी पट सोसतं.

आकडे सांगतो म्हणजे अंदाज येईल. स्वीडनमधल्या लँगफोर्स आणि किलश्ट्रम या जोडीने कठीण खडकातल्या अनुभवावरून जे लिहून ठेवलंय ते आजही धरतात, अस्तर नसलेल्या बोगद्यात सैल दगड पडायला साधारण ३०० मिमी दर सेकंद लागतात आणि नवीन भेगा पडायला ६०० च्या आसपास. दुसऱ्या अभ्यासकांच्या मते २५० च्या खाली अखंड दगडाला काहीच होत नाही. पाइपलाइनबद्दल अमेरिकेच्या ब्यूरो ऑफ माइन्सने १९९४ मध्ये खऱ्या खाणीच्या ब्लास्टशेजारी दाबाखालच्या पाइपलाइन तपासून १२५ मिमीपर्यंत सुरक्षित म्हटलं. हे चांगल्या स्टील वगैरे पाइपांचं, तुमच्या गावची लाइन जुन्या सिमेंट पाइपची असेल तर तिच्या जॉइंटवर एवढा भरवसा ठेवू नका, पण तरीही कुठे १२५ आणि कुठे दीड-दोन.

आणि आता एक गोष्ट सांगतो जी शेतकऱ्यांना पटकन पटते. तुमची विहीर कधी खोल केली असेल ना, उन्हाळ्यात पाणी आटल्यावर, ट्रॅक्टर कॉम्प्रेसरवाला बोलावून? त्याने तळाला भोकं मारून दीड-दोन किलो दारू एकदम उडवली, आणि तेव्हा वरचं दगडी बांधकाम होतं तिथेच. १.५ किलो आणि ५ मीटर अंतर त्याच सूत्रात टाका, इतक्या जवळ सूत्र फार पक्कं नसतं तरी १०० च्या पुढेच आकडा येतो. म्हणजे तुमच्या विहिरीने एकेका सुरुंगाला जे सोसलं ते खदानीच्या आजच्या हादऱ्याच्या साठ-सत्तर पट आहे, तेही एका उन्हाळ्यात पाच-पन्नास वेळा. विहीर उभी आहे. म्हणून मी ठामपणे म्हणतो की ३५० मीटरवरच्या नीट डिले लावलेल्या ब्लास्टने कातळातला भाग ढासळणार नाही.

बांधकामाचा भाग मात्र वेगळा, तिथे मी एवढा ठाम नाही राहणार. कोरड्या दगडांची रचाई असेल, मागची माती पावसात वाहून पोकळी झाली असेल, वडा-पिंपळाच्या मुळ्या घुसल्या असतील, तर ते बांधकाम आधीच पडायच्या बेतात असतं आणि त्याला बारीक हादराही निमित्त होतो. विहिरी पडतात त्या बहुतेक जोराच्या पावसात, कारण मागच्या भिजलेल्या मातीचा रेटा. जूनच्या आधी आत उतरून, म्हणजे जाणत्या माणसाला दोर-शिडीने उतरवून, फुगवटा आलाय का, दगड निसटलेत का ते बघून घ्या. फुगवटा असेल तर खदान असो नसो, दुरुस्ती करायचीच आहे.

रोज रोज हलून थकवा येत नाही का, हा प्रश्न दर गावसभेत येतो आणि तो बरोबर आहे. ब्यूरो ऑफ माइन्सनेच एक लाकडी सांगाड्याचं घर मुद्दाम यंत्राने हलवून बघितलं होतं, १९८४ चा रिपोर्ट आहे, साडेबारा मिमीइतक्या हादऱ्याला पहिली तड ५६ हजार फेऱ्यांनंतर आली. एका ब्लास्टमध्ये काही मोजक्याच जोराच्या फेऱ्या असतात, त्यामुळे हिशोब वर्षानुवर्षांचा होतो. पण ते घर अमेरिकेतलं, आपल्याकडच्या दगड-मातीच्या भिंती तशा नाहीत, आणि त्या तपासणीचा आधार घेऊन कोणी तुमच्या मातीच्या घराला बिनधास्त म्हणत असेल तर मी त्याच्या बाजूने उभा राहणार नाही. अशा घराला मी स्वतः मर्यादा २ मिमीच धरतो.

आता पाणी. खरा विषय हा आहे.

आपला सह्याद्रीचा आणि पठाराचा दगड म्हणजे लाव्ह्याचे एकावर एक थर. काळा पाषाण घट्ट, त्यात पाणी फक्त चिरांमधून. त्याच्या वर-खाली मांजऱ्या, सच्छिद्र, त्यात थोडं पाणी मुरतं. दोन थरांच्या मध्ये कुठे कुठे लाल गेरूचा पट्टा, त्याच्यावर पाणी अडून आडवं सरकतं आणि तुमच्या विहिरीत झरा म्हणून निघतं. मध्येच डाइक, म्हणजे दगडाची उभी भिंत, आडवा आला की एका बाजूला पाणी आणि दुसऱ्या बाजूला ठणठणाट. म्हणजे विहिरीचं पाणी हे दोन-चार ठरावीक वाटांनी येतं. हादऱ्याने या वाटा बुजत नाहीत. अमेरिकेत ॲपलाचियाच्या कोळसापट्ट्यात खाणीशेजारच्या बोअरवर १९८० च्या सुमारास यासाठीच काम झालं, ५० मिमीपर्यंतच्या हादऱ्यांनी बोअरचं उत्पन्न बिघडलं असं दिसलं नाही, मात्र खाणीचा खड्डा बोअरच्या जवळ आला तेव्हा पाण्याची पातळी खाली गेली. हादरा नाही, खड्डा. खदान खोल गेली, तुमच्या झऱ्याचा थर तिने कापला, आणि पंप लावून ते पाणी रोज बाहेर टाकलं, की तुमची विहीर आटणार, भले एकही सुरुंग न लावता नुसत्या ब्रेकरने खोदली तरी.

याचं एक मोठं उदाहरण उत्तराखंडात आहे. जोशीमठजवळ एका जलविद्युत प्रकल्पाच्या बोगद्यात डिसेंबर २००९ मध्ये बोगदा खणणाऱ्या टीबीएम मशीनने पाण्याचा थर फोडला आणि सेकंदाला ७०० लिटरच्या घरात पाणी बाहेर यायला लागलं. टीबीएम म्हणजे कापणारं मशीन, तिथे सुरुंगच नव्हता.

मी स्वतः घाटातल्या एका बोगद्याच्या कामावर असताना वरच्या वाडीच्या दोन विहिरी एका आठवड्यात आटल्या. लोक साहजिकच ब्लास्टिंग बंद करा म्हणून आले, आणि कंपनीचे साहेब माझ्या व्हायब्रेशनच्या रिपोर्टची फाइल नाचवत म्हणाले बघा २ मिमीच्या वर एकही नाही, आमचा संबंध नाही. आकडे माझेच होते आणि खरे होते. पण त्याच आठवड्यात फेसवर उजव्या कोपऱ्यातून हातभर जाडीची धार चालू झाली होती, मी रोज ती बघत होतो. ते वाडीचं पाणी होतं. मी तसं लेखी दिलं, थोडा त्रास झाला मला त्याचा, पण पुढे चिरांत सिमेंट भरून त्या ग्राउट केल्यावर एका विहिरीत पाणी काही अंशी परत आलं. दुसरीत नाही आलं. त्या विहिरीच्या मालकीणबाईंचा चेहरा अजून आठवतो, म्हणून हे एवढं लांबवून लिहितोय. चुकीच्या गोष्टीवर भांडलं की समोरचा बरोबर आकडे दाखवून सुटतो.

बोअरबद्दल लगेच सांगतो. ब्लास्टनंतर एखादा दिवस पाणी गढूळ येऊ शकतं, भिंतीला चिकटलेली माती सुटते, ते आपोआप निवळतं. कायमचं गढूळ येत असेल तर केसिंग, म्हणजे बोअरच्या वरच्या भागातला पाइप, कातळात नीट बसलेलं नाही आणि वरची माती आत येतेय, ते आधीपासूनचं असतं.

थोडं अवांतर, पण तुम्ही "खड्ड्यात पाणी असलं की हादरा वाढतो का" असंही विचारलंय म्हणून. पाण्यातून दाब फार छान जातो, हवेतून जात नाही. कोयनेत १३ मार्च १९९९ ला आणि नंतर २५ एप्रिल २०१२ ला लेक टॅपिंग झालं, जलाशयाच्या खालून बोगदा नेऊन शेवटचा दगडाचा बूच पाण्याखाली उडवला. अशा कामात बुचाच्या खाली हवेची पोकळी राखून ठेवतात, कारण बोगदा पाण्याने गच्च भरलेला असला तर धक्का थेट गेटवर जाऊन आदळेल, हवेची गादी तो खाऊन टाकते. आणि हवेची गादी किती खाते ते अमेरिकेच्या मिसिसिपीमधल्या दोन अणुचाचण्यांनी दाखवलं. १९६४ मध्ये जमिनीखालच्या मिठाच्या घुमटात सॅल्मन नावाचा स्फोट केला, त्याने एक पोकळी झाली, मग १९६६ मध्ये त्याच पोकळीत स्टर्लिंग नावाचा छोटा स्फोट केला, तर जमिनीचा हादरा घट्ट भरलेल्या स्फोटाच्या मानाने सुमारे ७० पट कमी. बोगद्याच्या कडेला आम्ही ४५ मिमीच्या होलमध्ये २५ मिमीची बारीक कांडी टाकतो ती याच हिशोबाने, आजूबाजूची हवा धक्का मऊ करते आणि बोगद्याचा काठ साफ निघतो. म्हणजे खदानीत पाणी भरलेल्या होलमध्ये दारू गच्च बसते आणि हादरा थोडा वाढतो, हो. माझ्या अनुभवात पावसाळ्यात भिजलेल्या जमिनीतून हादरा लांबही जास्त जातो.

हादरा सगळ्यात जास्त वाढतो तो मात्र चुकीच्या कामाने. होलच्या पुढचा दगड जास्त ठेवला, पुढे दगडाला मोकळी बाजू नाही, जुना मलबा तसाच पडून आहे, तर दगड पुढे सरकू शकत नाही आणि ती सगळी ताकद जमिनीत जाते. चांगल्या ब्लास्टमध्ये दगड नीट फुटतो आणि गावाला कमी कळतं. धाडकन हादरा बसला आणि तिकडे मोठे मोठे धोंडे तसेच राहिले, ब्रेकर दिवसभर चालू आहे, तर समजा डिझाइन चुकलंय, आणि हे त्याला सांगितलं की तो ऐकतो कारण त्याचाही पैसा जातोय.

तावदानं थडथडतात ती बहुतेक हवेतल्या धक्क्याने, जमिनीच्या नाही. घरच्या घरी तपासता येतं. ताटात पाणी घेऊन जमिनीवर, म्हणजे खाली फरशीवर ठेवा आणि ब्लास्टच्या वेळी बसून बघा. जमिनीतली लाट ३५० मीटर सेकंदाच्या आठव्या हिश्श्यात येते, आवाज यायला पूर्ण एक सेकंद लागतो. पाण्यावर आधी शहारा आला आणि मग सेकंदाने तावदान वाजलं तर तावदान आवाजाने वाजलंय. आणि माणसाला अर्ध्या मिमीचा हादराही कळतो हे लक्षात असू द्या. कळणं आणि नुकसान होणं यात बरंच अंतर आहे. पण घरात म्हातारं माणूस, लहान मूल दचकतं तो त्रासच आहे, आणि ब्लास्टची वेळ ठरलेली असणं, आधी भोंगा होणं हे मागायचा तुम्हाला पूर्ण हक्क आहे. ३५० मीटर म्हणजे तुम्ही उडत्या दगडाच्या टप्प्यातही आहात, खाणीच्या नियमांत ५०० मीटरचा घेर धोक्याचा धरतात. खरं सांगू, तुमच्या जागी मला विहिरीपेक्षा याची जास्त काळजी वाटली असती. भोंगा झाला की पोरांना आत घ्या, आणि खदानवाल्याला होलवर मफलिंग, म्हणजे जाळी-वाळूच्या गोण्या टाकतो का ते विचारा.

करायचं काय आता. उद्यापासून एक वही घाला. दर रविवारी सकाळी पंप लावायच्या आधी विहिरीचं पाणी काठापासून किती फुटांवर आहे ते टेपने मोजून लिहा, पाऊस कधी झाला, पंप किती तास चालला तेही लिहा, आणि शेजारच्या दोन-तीन विहिरींचंही घ्या, त्यातली एक तरी खदानीपासून लांबची असू द्या, नाहीतर दुष्काळाने उतरलेलं पाणी आणि खदानीने ओढलेलं पाणी वेगळं काढता येणार नाही. घरातल्या जुन्या तड्यांचे आणि विहिरीच्या बांधकामाचे तारखेसकट फोटो काढा, तड्यावर पीओपीचा पातळ टिकला मारा आणि त्यावर तारीख घाला, तड हलली तर टिकला फुटतो. खदानीचा खड्डा किती खोल गेलाय आणि त्यात पंप चालू आहे का, हे महिन्याला बघून त्याच वहीत लिहा. ही वही जिल्हा खनिकर्म अधिकाऱ्यांच्या टेबलावर ठेवली की बोलणंच बदलतं, मी बघितलंय.

व्हायब्रेशन मोजायची मागणी तहसीलदारांकडे आणि खनिकर्म विभागाकडे लेखी करा, आणि मोजताना तिथे हजर राहा. मशीनचा जिओफोन तीन दिशांचं हलणं पकडतो, तो घराच्या बाहेर पायाशेजारी, टणक जमिनीत पुरून किंवा खिळे रोवून, वर वाळूची गोणी ठेवून लावायला पाहिजे. सैल फरशीवर किंवा गवतावर नुसता ठेवला तर आकडा काहीही येतो. मी एकदा एका ओट्यावरच्या सुट्या फरशीवर ठेवलेल्या मशीनचा आकडा शेजारी पुरलेल्या मशीनच्या तिप्पट आलेला बघितलाय, आणि तो आकडा घेऊन गाव महिनाभर भांडत होतं. एक मशीन घराशी, एक विहिरीच्या काठाशी. आणि त्या दिवशी खदानवाला मुद्दाम छोटा ब्लास्ट घेतो, हे होतं, म्हणून ब्लास्टचं रजिस्टर मागा, होल किती, एका डिलेला किलो किती, आणि नेहमीच्या दिवसांशी ते ताडून बघा. शक्य असेल तर मशीन पंधरा दिवस तिथेच ठेवून घ्या.

रिपोर्ट हातात आला की पीपीव्ही, फ्रिक्वेन्सी, अंतर आणि एका डिलेची दारू हे चारही आकडे इथे टाका, मी बघून सांगतो. फ्रिक्वेन्सीचा रकाना कोरा सोडलेला असेल तर रिपोर्टवर सही करू नका, पुन्हा मोजायला सांगा.